बेसूर बाईचा पहिला अल्बम

समस्त जनतेस अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, तुळजापूर मुक्कामी राहणाऱ्या, पन्नाशी ओलांडलेल्या, गुडघ्यांची तक्रार असलेल्या परंतु अन्यथा शुद्धीवर असलेल्या एका बाईंचा पहिला अल्बम प्रसिद्ध होत आहे. अल्बम भक्तिगीतांचा नाही. भावगीतांचाही नाही. तो नाचण्यासाठी आहे. ऐकताना कोणास घेरी आल्यास, मान आपोआप हलू लागल्यास अथवा शेजारणीशी जुनं भांडण उकरून काढावंसं वाटल्यास त्याची जबाबदारी सदर बाईंवर राहील, आणि ती त्या आनंदाने घेतील. आपापल्या सामानाची काळजी घ्यावी. धन्यवाद.

ती बाई मी.

घोषणा झकास झाली ना? होणारच. अर्धं आयुष्य मी दुसरं केलंय काय? आमच्या स्टँडवर काचेच्या केबिनमध्ये बसून कुठली गाडी कुठल्या फलाटावर लागली, ते मी माईकवरून सांगत आले. सोलापूर, लातूर, नळदुर्ग, अक्कलकोट. नवरात्रात पाय ठेवायला जागा नसायची. पोरं हरवायची, पिशव्या हरवायच्या, एका बाईचे तर सासरे हरवले होते. मी पोरांना, पिशव्यांना आणि सासऱ्यांना एकाच आवाजात बोलावलं. सासऱ्यांना वेगळा सूर लावावा म्हटलं तरी जमलं नसतं, कारण मला सूरच नाही.

हे मी नम्रपणे वगैरे सांगत नाहीये. वस्तुस्थिती आहे. माझा आवाज एका पातळीत चालतो, चढत नाही, उतरत नाही. आमच्या गावाला घाट आहे, माझ्या आवाजाला नाही.

आणि घर कसलं मिळालं, तर पेटीवाल्यांचं! थोरले दादा माझ्याहून बारा वर्षांनी मोठे. मी पाचवीत होते तेव्हा ते आमच्याच शाळेत संगीताचे मास्तर म्हणून लागले. शाळेत त्यांना 'तुम्ही' म्हणावं लागायचं, ते घरीही तसंच राहिलं. दादांची भाषा त्यांच्या पेटीसारखी, प्रत्येक स्वर जागच्या जागी. सगळं गाव 'न्हाय' म्हणायचं, दादा 'नाही' म्हणायचे. भाजीवालीशी बोलतानासुद्धा ते व्याख्यान द्यायला उभे राहिल्यासारखे बोलत.

त्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात स्वागतगीत होतं. मी पहिल्या रांगेत, दोन वेण्या, लाल रिबिनी. मी देहभान विसरून गायले. दुसऱ्या कडव्याला मांडव हसायला लागला. आधी पोरं, मग पालक, मग खुद्द ज्यांचं स्वागत चाललं होतं ते पाहुणे, रुमाल तोंडात धरून. मला वाटलं, गाणं फारच आवडलं, म्हणून मी आणखी जोर केला. पेटीवर दादा होते. त्यांची मान खाली गेली ती वर आलीच नाही.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला बाजूला घेतलं आणि म्हणाले, "तू यापुढे फक्त ओठ हलव."

मी हलवले. प्रार्थनेत हलवले, आरतीत हलवले, लग्नांच्या मंगलाष्टकांत हलवले. ओठ हलवण्याची स्पर्धा निघाली असती तर मी जिल्ह्यात पहिली आले असते. माझा आवाज थेट स्टँडच्या केबिनमध्ये बाहेर आला, आणि तिथं मात्र माझ्या एका वाक्यावर माणसं गाठोडी उचलून पळायची. कुठल्या गवयाच्या तानेवर माणसं एवढ्या जोरात पळतात, सांगा मला.

पण केबिनच्या आधी पुणं झालं, ते सांगायला हवं. माझ्या तिशीच्या अलीकडची दोनेक वर्षं मी पुण्यात एका कचेरीत फोन उचलायला होते आणि बायकांच्या होस्टेलवर राहत होते. होस्टेलचं फाटक दिवेलागणीला बंद. म्हणून आमच्यासारख्यांसाठी एका हॉटेलच्या तळघरात रविवारी भरदुपारी नाचाची सोय असायची. खोलीतल्या मैत्रिणीनं मला ओढत नेलं. बाहेर रणरणतं ऊन, आत मिट्ट काळोख, आणि मी ओढणीला दोन्ही खांद्यांवर पिना लावून भिंतीशी उभी.

आधी ढोल आला. माणसाचा नव्हे, यंत्राचा, शिलाई मशीनसारखा न दमणारा. त्याच्या खाली बोअरच्या मोटारीसारखं काहीतरी घुमत होतं. मधूनच गिटार, पत्र्यावर खिळा ओढावा तशी. आणि मग एक बाई बोलायला लागली. गात नव्हती हो, बोलत होती! कंटाळलेली, ताठ, कुणाची पर्वा न करणारी, लाइटबिल वाचून दाखवावं तशी. आणि त्या लाइटबिलावर अख्खं तळघर वेडं होऊन नाचत होतं.

मी मैत्रिणीच्या कानात ओरडले, "अगं, ही बाई बेसूर आहे!"

ती ओरडली, "तेच तर!"

मी भिंत सोडली. पिनांसकट नाचले. एक पिन तुटली, ती मी अजून जपून ठेवली आहे.

या प्रकाराला इलेक्ट्रोक्लॅश म्हणतात, हे तिनंच मला नंतर चहा पिताना सांगितलं. जुनी स्वस्त यंत्रं, रॉकची खुन्नस आणि नाचाचा ठेका यांची मारामारी. फॅशन थोडाच काळ टिकली. मी तुळजापूरला परतले, केबिनमध्ये बसले, आणि गाड्या पुकारताना टेबलाखाली पायानं तोच ठेका धरत राहिले. कुणाला दिसलं नाही. काच कमरेच्या वरच होती.

मग मागे एकदा स्टँडवर यंत्र आलं. त्यात एक गोड बाई कायमची भरून ठेवलेली. ती मधात बुडवल्यासारखी बोलते, आणि तिच्या बोलण्यावर कुणी जागचं हलत नाही. लोक ऐकतात, 'किती छान' म्हणतात, मग खिडकीशी येऊन विचारतात, "नळदुर्ग लागली का?" मला आत कागदांच्या टेबलावर बसवलं. समोर लोखंडी कपाट. आता कपाटाला काय फलाट सांगायचा?

तेव्हा मी ठरवलं. अल्बम काढायचा.

गावात जो तो म्हणाला, देवीची गाणी काढ. आमच्याकडे अल्बम म्हटला की देवीचाच, दुकानांतून दिवसभर तोच वाजतो. मी म्हटलं, आईसाहेबांना रोज तेच ऐकून कंटाळा येत नसेल? एखादे दिवशी त्यांनाही पाय मोकळे करावेसे वाटत असतील.

साथीला मिळाला नळदुर्गचा एक बेंजोवाला. बेंजो म्हणजे आपल्या वरातीतला, टाइपरायटरसारखी बटणं असलेला, तारांचा, विजेवर चालणारा. एक टेंपो, त्यावर भोंगे, एक जुना कीबोर्ड, एक ऑक्टोपॅड, ही त्याची पार्टी. डीजेच्या भिंती आल्या आणि त्याच्या सुपाऱ्या कमी झाल्या. हायवेच्या कडेला त्याची शेड आहे. तिथं आम्ही मांडवाच्या गाद्या भिंतींना टांगल्या आणि सुरू केलं. बेंजोची तार फाटक्या स्पीकरमधून काढली की काय आवाज येतो म्हणता! त्या तळघरातली गिटार लाजेल.

पण हा माणूस सुरांच्या हरकती घेतल्याशिवाय राहीना.

"नुसता एकच स्वर धरा," मी म्हणायची.

"ताई, एकाच स्वरावर किती येळ ऱ्हायचं? बोटाला मुंग्या यायल्यात."

"येऊ द्या. हट्टानं धरा. घरमालक दारात बसल्यासारखं."

"आन् एवढ्यावर लोक नाचतेत?"

"आपल्या रस्त्यावरच्या खड्ड्यांत गाडीतले लोक नाचतात की नाही? त्याला कुठं सूर असतो?"

तो हसला आणि एकच स्वर धरून बसला. मी माईकसमोर उभी राहिले आणि बोलले. एक गाणं आरशावर आहे: 'आरसा पुसला. मी दिसले. परत पुसला. परत मीच.' एका गाण्यात मी सबंध वेळ नुसतं 'न्हाय' म्हणते, वेगवेगळ्या लोकांना. कोणाकोणाला ते मनात धरून म्हटलंय, हे मी मरेपर्यंत सांगणार नाही. आणि पहिलंच गाणं, अल्बमचं नावही तेच: 'फलाट क्रमांक तीन'. मध्ये मध्ये हायवेवरच्या ट्रकांचे भोंगे आलेत. ते आम्ही काढले नाहीत. बरोबर ठेक्यावर आलेत, फुकटचे.

सगळं जुळवून द्यायला दादांची मुलगी होती. पुण्यात जाहिरातींच्या आवाजाचं काम करते, तेव्हा लग्न ठरलं म्हणून घरून काम करत होती. तिनं ऐकलं आणि खुर्चीवर उडीच मारली.

"आत्या, हे परत आलंय! माझ्या ऑफिसातली पोरं हे जुनं शोधून शोधून ऐकतात. तुला कसं माहीत?"

"मी तिथं होते," मी म्हटलं. इतक्या तोऱ्यात मी आयुष्यात काही म्हटलेलं नाही.

मग व्हायचं ते झालं. दादांनी ऐकलं. ओसरीवर बसून, डोळे मिटून, सगळी गाणी. मी, भाची आणि बेंजोवाला ओळीनं उभे, निकालाच्या दिवशी उभं राहावं तसे.

डोळे उघडून दादा मला नाही, मुलीला म्हणाले, "ते एक बटण असतं ना? सूर सरळ करणारं?"

"असतं, बाबा. पण या गाण्यांना..."

"लाव."

तिनं लावलं. आणि माझ्या तोंडातून दुसरीच बाई बोलली. स्वच्छ, गुळगुळीत, वळणावर लाजणारी. स्टँडवरच्या यंत्रातली बाई माझी साडी नेसून आली होती.

"बघ, किती सुरेख," दादा म्हणाले.

बेंजोवाला चाचरत म्हणाला, "गोड झालंय हो, ताई. जिलबीवानी."

"मग जिलबीलाच उभं करा माईकसमोर."

"थट्टा पुरे," दादा म्हणाले. "हळदीला हेच पहिलं वाजवायचं ठरवलं आहे ना तुम्ही? तिथे माझे इतक्या वर्षांचे विद्यार्थी येणार. सगळे नातेवाईक येणार. लोक हसतील तुला."

"हसू देत."

"तेव्हाही हसले होते. पेटीवर मी बसलो होतो. मला ते पुन्हा पाहायचं नाही."

इतकी वर्षं मला वाटत होतं, यांना माझी लाज वाटते. या माणसाला तर माझी काळजी वाटत होती! ही म्हणजे फारच मोठी अडचण. लाज वाटणाऱ्याशी भांडता येतं.

पण ऐकणार ती मी कसली. सरळ केलेला आवाज घेऊन अल्बम काढायचा, म्हणजे पुन्हा पहिल्या रांगेत उभं राहून ओठ हलवायचे. या वेळी तर स्वतःच्याच गाण्यावर.

"पैज लावू," मी म्हटलं. "हळदीला आधी तुमचा सरळ आवाज लावा. लोक नाचले तर अल्बम त्या आवाजात काढू, मी हूं की चूं करणार नाही. नाही नाचले, तर नंतर माझा लावायचा. आणि माझ्यावर नाचले तर तोच निघणार."

"आणि तुझ्यावर हसले तर?"

"तर ही गाणी मी कपाटाला ऐकवीन."

दादा बेंजोवाल्याकडे वळले. आमच्याकडे बेंजो पार्टीचा एक रिवाज आहे. वाजवायला सुरुवात होते ती घरातल्या थोरल्याच्या फर्माईशीवर, आणि मध्ये खंड पडला तरी पुन्हा हात लावायचा तो थोरल्याचाच शब्द घेऊन. ते 'वाजवा' म्हणत नाहीत तोवर वाजवणारा तारेला बोट लावत नाही. त्या घरात थोरले म्हणजे दादा.

"ठीक आहे," दादा त्याला म्हणाले. "मी सांगेन तेव्हाच."

हळद सकाळी उन्हं चढायच्या आत होती. मंगल कार्यालय स्टँडच्या मागच्या भिंतीला लागून, त्यामुळे गाड्यांची घरघर मांडवात ऐकू येत होती. खेड्यापाड्यांतून बायका आलेल्या, पिशव्या मांडीला लावून बसलेल्या. पोहे खाताना अर्धं लक्ष भिंतीपलीकडे, कारण परतीची गाडी चुकली की सगळ्यांचीच पंचाईत. भाची पाटावर, कानापर्यंत पिवळी. दादा ओटीच्या नारळांची पिशवी घेऊन एका खुर्चीत. टेंपो मांडवाच्या तोंडाशी.

बेंजोवाल्यानं दादांकडे पाहिलं. दादा म्हणाले, "वाजवा."

माझी जिलबी भोंग्यातून वाहायला लागली. ठेका तोच, बेंजो तोच. बायकांनी एकदा मान वर करून पाहिलं आणि पोह्यांकडे वळल्या. एक मावशी म्हणाली, "ब्येस हाय गाणं," आणि शेव मागून घेतली. दादांचे जुने विद्यार्थी माना डोलवत होते, पण बसल्या जागी, जशा ते कुणाच्याही गाण्याला डोलवतात. गाणं संपलं. कुणाचंही बूड खुर्चीवरून उठलं नव्हतं.

मी दादांकडे पाहिलं. त्यांनी नजर नारळांवर वळवली. पण पैज ती पैज. नारळांकडे पाहतच ते म्हणाले, "वाजवा."

भाची आता लॅपटॉपवर माझा खरा आवाज लावणार होती. पण तिचे हात हळदीनं माखलेले, आणि खरं सांगू? मला रेकॉर्डचा आडोसा नकोच होता. मी पदर खोचला आणि टेंपोवर चढले. गुडघ्यानं निषेध नोंदवला. मी माईक हातात घेतला. इतक्या महिन्यांनी माणसांसमोर माईक! बेंजोवाल्याला म्हटलं, "एकच स्वर. हट्टानं."

यंत्राचा ढोल सुरू झाला. शिलाई मशीन, बोअरची मोटार, पत्र्यावरचा खिळा. आणि मी बोलले. पाठ ताठ करून, त्या तळघरातल्या बाईसारखी, केबिनमधल्या माझ्यासारखी:

"प्रवाशांनी इकडे लक्ष द्यावे. गाडी लागली आहे. फलाट क्रमांक तीन. जागा नाही. तरी या. जागा नाही. तरी या."

सारा मांडव उठला.

नाचायला नव्हे. जायला! बशा खाली ठेवल्या, पिशव्या उचलल्या, पोरांना बखोटीला मारलं, "लागली बगा, लागली," म्हणत बायका फाटकाकडे पळाल्या. शेवेवाली मावशी सगळ्यांत पुढं. एक आजोबा "अक्कलकोट का?" असं मलाच विचारत टेंपोला वळसा घालून गेले. इतकी वर्षं या आवाजानं त्यांना उठवलं होतं, त्यांचे पाय डोक्याला विचारायला थांबलेच नाहीत. बेंजोवाला घाबरून थांबला. ढोलही त्यानं बंद केला. फाटकाशी गर्दी तुंबली.

आणि मग मावशीला उमगलं. तिनं वळून माझ्याकडे पाहिलं, हातातल्या पिशवीकडे पाहिलं, आणि ती हसायला लागली. मग तिच्या मागची, मग सगळाच मांडव. पोट धरून, डोळे पुसत, एकमेकींच्या पाठीवर थापा मारत. भाची पाटावर आडवी झाली होती. तोच मांडव, तेच हसणं, फक्त माझ्या रिबिनी तेवढ्या नव्हत्या.

या वेळी मला कळत होतं की ते हसत आहेत. म्हणून मी माईक आणखी तोंडाजवळ घेतला.

"फाटकावरील प्रवाशांना सूचना," मी म्हटलं, त्याच पातळीत, एक स्वर वर नाही, एक स्वर खाली नाही. "आपली गाडी इथेच नाचणार आहे. सामान खाली ठेवू नये. सामानासकट यावे."

मावशीनं पिशवी डोक्यावर घेतली आणि कमरेवर हात ठेवून टेंपोसमोर येऊन उभी राहिली. तिच्या मागं दुसरी. मग जावा, नणंदा, दादांचे टक्कल पडलेले विद्यार्थी, हातात चपला धरलेले. सगळे टेंपोभोवती, पाय उचलून तयार. फक्त ठेका नव्हता. बेंजोवाल्याचं बोट तारेच्या वर थांबलेलं, रिवाजाप्रमाणे, आणि डोळे थोरल्याला शोधत होते.

थोरले खुर्चीत नव्हते. मी टेंपोवरून पाहिलं तर फाटकाशी, गर्दीच्याही पुढं, एकाच पायात चप्पल, काखेत नारळांची पिशवी, मुलीची हळद मांडवात टाकून, दादा उभे. तेही पळाले होते. सगळा मांडव त्यांच्याकडे वळला. दादांनी नारळांकडे पाहिलं, चपलेकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मग ती पिशवी त्यांनी दोन्ही हातांनी डोक्यावर उचलली आणि ओरडले:

"आरं बगतूस काय, वाजव की! गाडी सुटंल!"